पुकारा झाला, वादी नव्हता

मुंबई-गोवा महामार्गावर नागोठणे आणि कोलाडच्या मधे खांब लागतं. गाव रोहे तालुक्यातलं, म्हणून तारखेला जायचं ते रोह्याच्या दिवाणी न्यायालयात. समजा, इथल्या एकाने साठेकरार करून विसार दिला, मालक खरेदीखत करून देईना, म्हणून दावा लावला. पुढे एका तारखेला शिपायाने पुकारा केला तेव्हा वादीही नव्हता, त्याचा वकीलही नव्हता. संध्याकाळी कळलं, दावा काढून टाकला.

अशा वेळी पहिला प्रश्न विचारायचा तो हा, की त्या दिवशी प्रतिवादी हजर होता का? उत्तर रोजनाम्यात असतं. त्याची नक्कल आधी मागावी, कारण पुढची सगळी वाट त्यावर ठरते. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या आदेश 9 च्या नियम 3 खाली दावा निघतो. मग तो पूर्ववत करून मागता येतो किंवा मुदत उरली असेल तर नवाही लावता येतो. पण प्रतिवादी हजर होता आणि त्याने मागणी कबूल केली नाही, तर नियम 8 लागतो, आणि नियम 9 त्याच कारणावरून नवा दावा लावायचं दार बंद करतो. साठेकरारवाल्याचं खरं नुकसान इथे होतं. भावाभावांतल्या वाटपाचं तसं नाही. मिळकत सामाईक आहे तोवर वाटप मागायचा हक्क जिवंत राहतो, म्हणून तो दावा पुन्हा लावता येतो.

दावा पूर्ववत करण्याच्या अर्जाला मुदत फक्त 30 दिवस, आणि ती दावा काढल्याच्या तारखेपासून मोजतात, आपल्याला कळल्यापासून नव्हे. मुंबईला नोकरीला असलेली माणसं इथेच फसतात. उशीर झालाच तर मुदतीच्या कायद्याच्या कलम 5 खाली विलंबमाफीचा अर्ज सोबत जोडावा लागतो. अर्जात त्या तारखेला न येण्याचं सबळ कारण हवं, आणि त्याला प्रतिज्ञापत्राचा, दवाखान्याच्या कागदांचा आधार हवा. कोर्ट समोरच्याला नोटीस काढतं, कारण पटलं तर बहुधा खर्च भरायला लावून दावा पुन्हा बोर्डावर घेतं. वकील आला नाही हे कारण चालतं का? 1981 मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला देऊ नये असं म्हटलं. त्या निकालाचा आधार जरूर घ्यावा, पण पक्षकार स्वतः वर्षानुवर्षं फिरकलाच नसेल तर त्यावर विसंबता येत नाही. नियम 8 खाली निघालेल्या दाव्यात हा अर्ज फेटाळला तर त्या हुकमावर अपील करता येतं.

उलट प्रतिवादीच आला नाही, तर दावा एकतर्फा चालतो. हुकूमनामा झालाच तर तो रद्द करायलाही 30 दिवसच. मात्र समन्स रीतसर बजावलेलं नसेल तर हे दिवस हुकूमनामा कळल्यापासून धरतात.

पुढची तारीख घरबसल्याही कळते. प्रत्येक प्रकरणाला 16 अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो. तो वकिलाकडून लिहून घ्यावा आणि ई-कोर्ट्सच्या ॲपवर टाकावा.