आपल्या बोली : आरेच्या पाड्यांवरची वारली

गेल्या आठवड्यात आपण वसईत सामवेदी बोली ऐकली. या आठवड्यात मुंबई महापालिकेच्या हद्दीत यायचं आहे. बोलीभाषा म्हटली की आपल्याला मालवण, खानदेश, झाडीपट्टी आठवते, मुंबई आठवत नाही. मुंबईत मराठी टिकणार का, यावर दर निवडणुकीला सभा होतात. त्या सभांत गोरेगावच्या आरे कॉलनीतल्या पाड्यांवर बोलल्या जाणाऱ्या वारलीचं नाव निघालेलं मी ऐकलेलं नाही. म्हणून हा भाग तिच्यासाठी.

शहरातले म्हशींचे तबेले बाहेर न्यावेत आणि लोकांना चांगलं दूध मिळावं, या हेतूने १९४९ मध्ये आरे दुग्ध वसाहत उभी राहू लागली. मुंबईचे दुग्ध आयुक्त दारा खुरोडी यांची ही कल्पना. सुमारे १,२८७ हेक्टर जमीन या कामी लागली. तबेल्यांचे युनिट पडले, डांबरी रस्ते आले, पुढे चित्रनगरी आली. पण ही जमीन मोकळी नव्हती. केलटीपाडा, प्रजापूरपाडा, जीवाचा पाडा, नवशाचा पाडा, खांबाचा पाडा, दामूचा पाडा, चाफ्याचा पाडा, हाबळेपाडा... पाड्यांची संख्या २७ सांगितली जाते. वारली, मल्हार कोळी, कोकणा, कातकरी, दुबळा अशा जमातींची ही घरं. पावसाळी भात, परसातली भाजी आणि रानातून मिळेल ते, यावर त्यांचा संसार चालत आला. तबेल्यांबरोबर उत्तर भारतातली माणसं आली आणि आरेत भोजपुरी, अवधीही रुजल्या. आज केलटीपाड्यावरच्या पोराच्या कानावर दिवसभरात तीन-चार भाषा पडतात. घरात आजी बोलते ती मात्र वारली.

वारलीचा मोठा मुलूख उत्तरेला आहे. डहाणू, तलासरी, जव्हार, मोखाडा, विक्रमगड, नाशिककडचे पेठ-सुरगाणा, गुजरातेतलं उंबरगाव-धरमपूर आणि दादरा-नगर हवेली. आरे आणि शेजारचं संजय गांधी राष्ट्रीय उद्यान हे त्या मुलखाचं दक्षिणेकडचं टोक. शहर वाढत गेलं तसं हे टोक मूळ मुलखापासून तुटलं. तरी सोयरिकी अजून पालघर-डहाणूकडे जुळतात, लग्नाच्या वऱ्हाडाबरोबर भाषाही येते-जाते. आरेची वारली आजवर टिकली याचं श्रेय मी या सोयरिकींना देतो.

ही भाषा की बोली? जॉर्ज ग्रियर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाचा मराठीवरचा सातवा खंड १९०५ मध्ये निघाला. त्यात वारली आहे, कातकरीही आहे, आणि दोन्ही मराठीच्या पदराखाली आहेत. आपल्या जनगणनेच्या तक्त्यांत मात्र वारली भिल्ली गटात मोडते. म्हणजे एका दप्तरात ती मराठीची बोली आणि दुसऱ्या दप्तरात भिल्लीची. खरं पाहता मराठी, गुजराती आणि भिल्ली यांच्या वेशीवर ती वाढली, तिघींशी तिची देवघेव झाली आणि त्यातून तिचं स्वतःचं रूप घडलं. वारली म्हणजे बिघडलेली मराठी, हा समज तेवढा साफ चुकीचा आहे. प्रमाण मराठीचं व्याकरण एकोणिसाव्या शतकात दादोबा पांडुरंगांनी बांधलं. त्या व्याकरणापासून वारली ढळली असं म्हणायला ती आधी त्यावर उभी असायला हवी होती.

आता जरा जवळून पाहू. वारली चित्रं तुम्ही पाहिलेली आहेत. कुडत्यांवर, चहाच्या कपांवर, हॉटेलच्या भिंतींवर, सरकारी कार्यालयांच्या कुंपणांवर. जिव्या सोमा मशे यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली आणि ही चित्रकला जगभर गेली याचा आनंदच आहे. पण या चित्रांचं मूळ लग्नाच्या चौकात आहे. सवाशिणी गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहितात, मधोमध पालघट देवी येते. पारंपरिक वारली लग्न लावते ती धवलेरी. ती बाई असते, आणि तिच्याजवळ पोथी नसते. असतात ती गाणी, सगळी वारलीत, सगळी तोंडपाठ. गाण्यातून देव येतात. धान्याची कणसरी, पावसाचा नारनदेव, हिरवा. चौक पुरा होतो तो या गाण्यांनी. भिंतीवरचं चित्र आपण उचललं आणि बाजारात मांडलं, गाणं मात्र तिथेच ठेवलं, कारण ते आपल्याला कळत नव्हतं. धवलेरीची गाणी शिकणारी मुलगी पाड्यावर उरली नाही तर चौक ही नुसती नक्षी होईल. वारली कलेचं कौतुक करणाऱ्या प्रत्येकाने हे मनावर घ्यावं असं मला तळमळीने वाटतं.

रानाचंही तेच. पहिल्या पावसाच्या सुमाराला आरेच्या रानात शेवळं वर येतात. ती तशीच शिजवून खाल्ली तर घसा खाजून जीव नकोसा होतो. म्हणून शेवळांबरोबर काकडं लागतात. काकडाच्या झाडाची ही आंबट फळं खाज मारतात. बाजारात बसणाऱ्या आदिवासी बायका शेवळांच्या जुडीबरोबर काकडंही देतात, ती याचसाठी. शेवळाचं कोणतं अंग टाकायचं, काकडाचा रस किती घालायचा, हे आजी नातीला रानात चालता चालता सांगते. टाकळा, फोडशी, कुर्डू, कंटोळी, भारंगी, चाईचा मोहर यांचंही तसंच. कुठली भाजी कोवळी असताना खुडायची आणि कुठली दोनदा उकळून पाणी फेकायचं, ही सगळी समज वारलीत साठलेली आहे. नातीला वारली येईनाशी झाली की आजीचं अर्धं बोलणं हवेत जातं.

आणि ते होत आहे. कुणी बंदी घातली म्हणून नव्हे. मूल पहिलीत जातं, 'पानी' म्हणतं, आणि वर्ग हसतो. वऱ्हाडापासून डहाणूपर्यंत लाखो मराठी माणसं 'पानी'च म्हणतात, तरी वहीवर लाल रेघ येते. दोन-तीन वर्षांत मूल गप्प बसायला शिकतं, मग घरी आईला सांगतं की माझ्याशी शाळेसारखं बोल. आईही ऐकते, कारण पोराने शिकावं ही तिची इच्छा आहे. तिला दोष देण्याचा अधिकार आपल्याला नाही. पाड्यावर तारपा हे वाद्य वाजवणारा माणूस दिवसा सुरक्षारक्षकाची नोकरी करतो आणि आठ तास हिंदी बोलतो. त्याची अडचण समजण्यासारखी आहे. शाळेची अडचण मला समजत नाही, कारण कायदा तिच्या बाजूने उभा आहे. प्राथमिक पातळीवर मातृभाषेतून शिकवण्याची सोय व्हावी, असं संविधानाचं कलम ३५० क सांगतं, आणि ते १९५६ पासून आहे. शिक्षण हक्क कायद्यातही, शक्य असेल तिथे माध्यम मुलाची मातृभाषा असावी असं लिहिलं आहे.

इथे थोडं लांब जातो, फिलिपिन्सला. आरेचा त्या देशाशी एक धागा आहे. दारा खुरोडी यांना १९६३ मध्ये मनिलाचा मॅगसेसे पुरस्कार मिळाला, व्हर्गीस कुरियन आणि त्रिभुवनदास पटेल यांच्यासह. त्या द्वीपसमूहात शंभराहून अधिक भाषा आहेत. १९३७ मध्ये राष्ट्राध्यक्ष मॅन्युएल क्वेझॉन यांनी राजधानीच्या परिसरातल्या तागालोगवर राष्ट्रभाषा उभी केली, तीच पुढे फिलिपिनो. बाकी सेबुआनो, इलोकानो, हिलिगायनोन, वाराय यांना लोक सर्रास बोली म्हणू लागले. वास्तविक सेबुआनो बोलणाऱ्याचं बोलणं तागालोगवाल्याला न शिकता कळत नाही. कोट्यवधी माणसांची भाषा नुसत्या नावाने खालच्या पायरीवर गेली. आपल्याकडे वारलीचं जे झालं तेच तिथे फार मोठ्या प्रमाणावर झालं.

पण त्यांनी एक करून पाहिलं. कलिंगा प्रांतात लुबुआगन नावाचं डोंगरी गाव आहे. तिथल्या शाळांत सुरुवातीचे वर्ग गावच्या भाषेतून चालवले. ही मुलं इतर मुलांपेक्षा पुढे गेली, आणि विशेष म्हणजे इंग्रजी आणि फिलिपिनो या विषयांतही पुढे गेली. २०१२-१३ पासून देशभर पहिल्या इयत्तांत मातृभाषेतून शिक्षण सुरू झालं, भाषांची संख्या पुढे १९ झाली. आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये नव्या कायद्याने ती सक्ती काढून टाकली. पुस्तकं पुरेशी नव्हती, शिक्षक तयार नव्हते, शहरांत एकेका वर्गात चार-चार भाषांची मुलं होती.

फिलिपिन्सच्या अनुभवावरून आरेसाठी मला काय वाटतं ते स्पष्ट लिहितो. इथल्या शाळांत वारलीबरोबर भोजपुरी, कोकणा, कातकरी घरांतली मुलं एकाच बाकावर असतात. सगळा अभ्यासक्रम वारलीत करा, ही मागणी इथे टिकणार नाही, आणि पाड्यावरचे पालकही ती मान्य करणार नाहीत. पण बालवाडी आणि पहिलीत पाड्यावरचीच एखादी शिकलेली मुलगी मदतनीस म्हणून मानधनावर असू शकते. गोष्टी आणि गाणी वारलीत होऊ शकतात. शिक्षकाच्या हाती वारली-मराठी शब्दांची एक छोटी वही देता येते. हे डहाणूकडे नवं नाही. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ १९५७ मध्ये कोसबाडच्या टेकडीवर गेल्या तेव्हा त्यांनी शाळाच मुलांकडे नेली. गुरं राखायला गेलेल्या मुलांसाठी कुरणशाळा काढली. मूल जिथे आहे तिथून सुरुवात करायची, हे त्यांनी दाखवून दिलं आहे. मूल ज्या भाषेत आहे तिथून सुरुवात करणं ही त्याचीच पुढची पायरी.

नोंदीचं कामही झालेलं आहे, अगदीच कोरी पाटी नाही. के. जे. सावे यांचं वारल्यांवरचं इंग्रजी पुस्तक १९४५ चं. गणेश देवी यांच्या पुढाकाराने झालेल्या भाषांच्या लोकसर्वेक्षणाचा महाराष्ट्राचा खंड अरुण जाखडे यांनी संपादित केला. कविता महाजन यांनी वारली लोकगीतं गोळा केली. मात्र यातलं बहुतेक काम डहाणू-जव्हारकडचं आहे. आरेतल्या म्हाताऱ्यांचं बोलणं ध्वनिमुद्रित करणं मुंबईच्या कुठल्याही महाविद्यालयाच्या मराठी विभागाला एका सत्रात जमेल. बस पकडून जाता येतं. या बोलण्याला कायद्यातही किंमत आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याच्या नियमांत, गावातल्या वडीलधाऱ्यांचं लेखी उतरवून घेतलेलं कथन पुरावा म्हणून धरलं जातं. कागद नसलेल्या माणसाचा तो मोठा आधार आहे, आणि ते कथन म्हातारी मोकळेपणाने करते ते स्वतःच्या भाषेत.

एक काम तर लगेच करण्याजोगं आहे. येत्या जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ आहे. मातृभाषेच्या रकान्यात लहानपणी आई आपल्याशी जी भाषा बोलायची ती लिहायची असते, आणि समोरचा सांगेल तीच गणकाने नोंदवायची असते. येत असलेल्या आणखी दोन भाषांसाठी वेगळी जागा असते, तेव्हा वारली लिहिल्याने मराठीचं काही कमी होत नाही. देशात दहा हजारांहून कमी भाषकांची भाषा तक्त्यांत स्वतंत्र दाखवली जात नाही, म्हणून लहान जमातींच्या बाबतीत एकेक नोंद मोलाची. गणनेला जाणारे बहुतेक जण शिक्षक असतात, आणि या लेखमालेच्या वाचकांत शिक्षक पुष्कळ आहेत. त्यांना विनंती आहे : पाड्यावर गेलात की "मराठीच ना?" असं विचारून रकाना भरू नका. "घरी आई कोणत्या भाषेत बोलायची?" असं विचारा, आणि उत्तर येईल ते जसंच्या तसं लिहा.

(पुढील आठवड्यात : कातकरी)