आजी तारखेला आली नाही, हे नर्सच्या मोबाईलला कसं कळतं?

माझी आजी वाशिम जिल्ह्यात, कारंज्याजवळ राहते. "बरं वाटतंय" म्हणून तिने बीपीची गोळी स्वतःच बंद केली. बीपी दुखत नाही; थेट हार्ट अटॅक किंवा लकवाच येतो.

मी सॉफ्टवेअरवाला, म्हणून यावर काही ॲप आहे का ते शोधलं. २०१७ साली सुरू झालेल्या भारत उच्च रक्तदाब नियंत्रण उपक्रमात 'सिंपल' हे ओपन सोर्स ॲप वापरतात. नर्स कार्डावरचा क्यूआर कोड स्कॅन करून रीडिंग टाकते. नेट नसलं तरी नोंद होते. तारीख उलटली की पेशंटचं नाव थकलेल्यांच्या यादीत येतं आणि नर्स फोन लावते. किती जणांचं बीपी १४०/९० च्या खाली आलं, हेही याच नोंदींतून कळतं. म्हणजे नर्सची प्रत्येक एंट्री हृदयाच्या संशोधनाला कामी येते.

तुम्हीही आजीच्या पुढच्या तारखेचा रिमाइंडर आजच लावा. मी लावलाय.