कुंटाल्याच्या डोहातले रूप

आदिलाबाद जिल्ह्यात, राष्ट्रीय महामार्ग ४४ वरच्या नेरडीगोंड्यापासून बारा-एक किलोमीटरवर कडेम नदी जंगलातल्या खडकावरून टप्प्याटप्प्याने सुमारे ४५ मीटर खाली येते. हाच कुंटाला धबधबा. नाव शकुंतलेवरून पडले म्हणतात. ती आणि दुष्यंत इथे रमले, अशी दंतकथा. कपारीत सोमेश्वर आहे, महाशिवरात्रीला तिथे गर्दी होते. पर्यटनाच्या पाटीवर प्रेमकथा शोभून दिसते, पण या जागेचा स्वभाव शकुंतलेच्या आईकडून, मेनका या अप्सरेकडून आलेला. अप्सरा पाण्यातल्या आणि रूप पालटणाऱ्या. शतपथ ब्राह्मणात उर्वशी आणि तिच्या सख्या पाणपक्षी होऊन तळ्यात पोहतात. पैनगंगेपलीकडच्या मराठी मुलखात पाण्यातल्या अशाच बायका साती आसरा म्हणून डोहाकाठी, शेंदूर फासलेल्या सात दगडांत बसल्या आहेत. स्कॉटलंडच्या लोककथांत पाण्यात राहणारी केल्पीही अशीच रूप पालटते, देखणा घोडा होऊन काठावर उभी राहते. पाठीवर बसलेले पोर तिथेच चिकटते आणि घोडा पाण्यात शिरतो.

पोरांनी पाण्यात जाऊ नये म्हणून या कथा रचल्या, हा खुलासा सोपा आहे, पण अपुरा. नुसती भीतीच घालायची, तर आसरांना खण-नारळ आणि हिरव्या बांगड्या कशाला? बाळंतिणीने पाणवठ्यावर जाऊन हळदकुंकू का वाहायचे? भ्यालेला माणूस पाण्याकडे फिरकतच नाही. मानपान चुकवायचा नाही म्हटले की त्याला ऊन-पावसात पुन्हा पुन्हा काठावर यावे लागते, आणि कुठला दगड शेवाळतो, कुठे पायाखालचा तळ एकदम सुटतो, हे तो येता-जाता शिकतो. याच जिल्ह्यातल्या केसलापूरला नागोबाच्या पौष अमावास्येच्या जत्रेसाठी मेस्राम कुळाचे गोंड गोदावरीवरच्या हस्तिनामडुगूपर्यंत चालत जाऊन पाणी आणतात. ही आसरांची पूजा नव्हे. गोंडांच्या देवाला मराठी शेंदूर फासण्यात अर्थ नाही. नदीशी येणेजाणे ठेवण्याची शिस्त मात्र तीच.

यावर कोणी म्हणेल, पाणी ओळखणारे गावकरीही बुडतातच, आणि ‘आसरांनी धरले’ म्हणत दवाखान्याऐवजी भगताकडे नेलेल्यांचे काय? आक्षेप रास्त आहे. आसरा जीव वाचवतात, असा दावा करण्यात अर्थ नाही. पण पाणी रूप पालटते, ही त्या कथांची मूळ समज खोटी नाही. उन्हाळ्यात कुंटाल्याची धार बारीक होते. त्याच नदीवर खाली निर्मल जिल्ह्यात कडेम धरण आहे आणि जुलै २०२२ मध्ये तिथे दरवाजांतून सोडता येईल त्याहून जास्त पाणी आल्याने खालची गावे रिकामी करावी लागली. कुंटाल्याच्या टप्प्यांमधले डोह वरून निवांत दिसतात, आणि सहलीला आलेली तरुण मुले त्यात बुडाल्याच्या बातम्या वारंवार येतात. इशाऱ्याची पाटी बाराही महिने एकच वाक्य सांगते, पाणी आठवड्याला बदलते. म्हणून पावसाळ्यात आज कोणत्या टप्प्यापर्यंत उतरायचे, हे रोज सकाळी ठरवण्याचा अधिकार आसपासच्या गावांतल्या जाणत्यांना द्यावा, आणि त्याची मजुरीही द्यावी.