पपईची करंजी आणि आमचुराचे आम्ल

शहादे तालुक्याच्या सपाटीवर पिकणारी पपई आणि सातपुड्यातील अक्राणी महालात, म्हणजे धडगावच्या परिसरात, उन्हाळ्यात कैऱ्या चिरून वाळविलेला आमचूर, हे नंदुरबार जिल्ह्याचे दोन जिन्नस वेगवेगळ्या वाटांनी बाजारात जातात. परंतु फळाच्या सारणाची करंजी घरी तळावयाची असेल, तर त्यांना एका पातेल्यात आणण्यावाचून गत्यंतर नाही, असे रसायनशास्त्र सांगते.

पिकलेल्या पपईच्या गरात शंभर भागांतील सुमारे 88 भाग पाणी असते. कढईतील तेल 170 ते 180 अंश सेल्सियसवर असताना या मोकळ्या पाण्याची वाफ होते, आणि त्या वाफेस मूळच्या दीड हजार पटींहूनही अधिक जागा लागत असल्यामुळे, मुरड कितीही निगुतीने घातलेली असली तरी ती उकलते. सबब गर साखरेबरोबर आटवून उरलेले पाणी जखडून ठेवणे, ही पहिली तजवीज. हे काम फळातील पेक्टिन करते. मात्र त्याचे रेणू ऋणभारित असल्याने परस्परांस दूर लोटतात, आणि पपईत आम्ल अत्यल्प असल्यामुळे, साखर कितीही ओतली तरी सारण ओघळतेच राहते. आमचुरातील सायट्रिक व मॅलिक आम्ले तो भार निवळवितात, साखर पाणी आपल्याकडे ओढते, आणि रेणूंचे जाळे विणले जाते. उकळते सारण 105 अंशांस पोहोचले, म्हणजे साखरेचे प्रमाण सुमारे 65 टक्के झाले असे समजावे. आमचूर मात्र अखेरीस घालावा. आम्लात दीर्घकाळ उकळल्यास पेक्टिनच विघटित होते.

सातपुड्यातील सीताफळ यासाठी घेण्याचा मोह टाळावा. त्याचा गर तापला की कडवट होतो, आणि इतक्या सुगंधी फळाची ती विटंबना पाहवत नाही.

पारीच्या पिठाला कडकडीत तुपाचे मोहन चोळले असता कणांवर चढलेला स्निग्ध लेप पाणी व प्रथिने यांचा संयोग अडवितो, ग्लुटेनचे लांब तंतू होऊ देत नाही, आणि करंजी खुसखुशीत होते. सारण पूर्ण निवल्याखेरीज पारीत भरू नये, अन्यथा हा लेप वितळतो.

तळताना बुडबुड्यांच्या रूपाने बाहेर पडणारी वाफ तेलास आत शिरू देत नाही. तेल मुरते ते प्रामुख्याने करंजी बाहेर काढल्यावर, आतील वाफ निवून दाब उतरला म्हणजे. म्हणून झाऱ्यातच तेल झटकून करंज्या तत्काळ चाळणीत उभ्या कराव्यात.