अटकेआधीचा जामीन : भीतीचे वजन कसे करतात?

जामिनासाठी वकिलाकडे येतात ते बहुधा आरोपीचे नातेवाईक; आरोपी कोठडीत असतो. अटकपूर्व जामिनासाठी मात्र माणूस स्वतः येतो, आणि घाबरलेला असतो. काही वर्षांपूर्वी दिवाळीच्या सुटीआधी एक निवृत्त मुख्याध्यापक माझ्याकडे असेच आले होते. बांधावरून चुलतभावाशी भांडण झालेले. फिर्यादीत मारहाणीबरोबर वहिनीच्या गळ्यातली साखळी हिसकावल्याचेही लिहिले होते, त्यामुळे गुन्हा अजामीनपात्र झाला होता. "वकीलसाहेब, मला अजून धरलेलेच नाही, तर कोर्ट सोडणार कशातून?" त्यांनी विचारले.

प्रश्न बिनतोड होता. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत अशी तरतूदच नव्हती. वजनदार माणसे विरोधकांना खोट्या प्रकरणात गुंतवून, चार दिवस कोठडीत डांबून त्यांची बेअब्रू करतात, हे विधी आयोगाने १९६९ च्या ४१ व्या अहवालात नोंदवले. त्यातून १९७३ च्या संहितेत कलम ४३८ आले. १ जुलै २०२४ पासून त्याची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ ने घेतली. या कलमानुसार न्यायालय केवळ निर्देश देते : अटक झालीच, तर या व्यक्तीला जामिनावर सोडावे. आदेश आजचा, अंमल अटकेच्या क्षणी.

न्यायालयाने हा अधिकार किती सढळ हाताने वापरावा? पंजाबचे माजी मंत्री गुरबक्षसिंग सिब्बिया यांच्या प्रकरणात तिथल्या उच्च न्यायालयाने अनेक अटी घालून तो आवळला होता. १९८० साली सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने त्या अटी नाकारल्या. निकाल लिहिला सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनी. कायद्याने न घातलेल्या अटी न्यायालयाने घालू नयेत, हे त्याचे सूत्र. गुन्हा नोंदलेला नसतानाही अर्ज करता येतो. पण नुसती धास्ती पुरत नाही, अटक होईल असे मानायला ठोस कारण दाखवावे लागते. 'कोणत्याही गुन्ह्यात अटक नको' असे सरसकट कवचही मिळत नाही.

प्रत्यक्षात अर्ज सत्र न्यायालयात किंवा उच्च न्यायालयात होतो. न्यायाधीश सरकार पक्षाचा 'से' मागवतात. तोवर अंतरिम संरक्षण द्यायचे की नाही, हे त्यांच्या विवेकावर असते. मग तोलले जाते : आरोप किती गंभीर आहे, अर्जदाराची भूमिका नेमकी काय, आधीचे गुन्हे आहेत का, तो पळून जाईल का, साक्षीदारांवर दबाव आणील का, आणि फिर्याद केवळ मानहानीसाठी तर नाही ना. महाराष्ट्रातूनच गेलेल्या सिद्धाराम म्हेत्रे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये हे निकष एकत्र मांडले. सरकारी वकिलांचा भर बहुधा एकाच मुद्द्यावर असतो : कोठडीत घेऊन चौकशी करायची आहे, मुद्देमाल जप्त करायचा आहे.

हे संरक्षण किती दिवस टिकते, यावर निकालांत मतभेद होते. २०२० मध्ये सुशीला अगरवाल प्रकरणात पाच न्यायमूर्तींनी ठरवले, की सामान्यतः त्याला मुदत नसते. ते खटला संपेपर्यंत चालू शकते. काही दारे मात्र बंद आहेत. अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम १८ नुसार त्या गुन्ह्यांत हा जामीन मिळत नाही. प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल तरच अपवाद. उत्तर प्रदेशात तर १९७६ मध्ये आणीबाणीत ही तरतूदच काढून टाकली होती. ती परतायला २०१९ उजाडले.

मुख्याध्यापकांच्या अर्जावर सरकारी वकील म्हणाले, साखळी जप्त करायची आहे. मी म्हणालो, फिर्याद चार दिवस उशिराची आहे. न्यायाधीशांनी दोघांचे ऐकले, मग वहिनीचा जबाब पुन्हा वाचला. जामीन मिळाला, पण दोषारोपपत्र दाखल होईपर्यंत गावात पाऊल न ठेवण्याच्या अटीवर. मुख्याध्यापकांची ती दिवाळी लेकीकडे गेली. अट मला तेव्हा जाचक वाटली होती. पुढे लक्षात आले, की त्या दिवशी कोर्टात घाबरलेली माणसे दोन होती. एक माझ्या शेजारी उभे होते, आणि दुसरीचा जबाब न्यायाधीशांच्या समोर होता.