सवाई माधवरावांच्या दरबाराचें चित्र : साधन म्हणून त्याचें मोल

जुनें चित्र हें इतिहासाचें साधन होय, यांत वाद नाहीं. परंतु चित्रकार डोळ्यांपुढील प्रसंग जसाच्या तसा उतरून ठेवतो, ही समजूत तपासून घेतली पाहिजे. थॉमस डॅनियल याचें पुणें दरबाराचें सुप्रसिद्ध तैलचित्र या कामीं चांगलें उदाहरण आहे. सन १७९० मध्यें टिपूविरुद्ध मराठे, निजाम व इंग्रज यांचा तह झाला. त्या तहाच्या निमित्तानें सवाई माधवराव पेशवे व इंग्रज वकील चार्ल्स मॅलेट यांची भर दरबारांतील भेट यांत दाखविली आहे.

आतां तारखा लावून पाहूं. मूळ अभ्यासचित्रें जेम्स वेल्स याचीं. तो मुंबईस आला १७९१ मध्यें व पुण्यास १७९२ मध्यें. म्हणजे तहाचा प्रसंग त्यानें पाहिलेला नाहीं. तो १७९५ मध्यें वारला. पुढें मॅलेटच्या सांगण्यावरून डॅनियलनें विलायतेंत १८०५ मध्यें चित्र पुरें केलें. त्या दरबारीं तोहि हजर नव्हता.

तरी चित्र काल्पनिक नव्हे. पेशवे व नाना फडणीस यांस वेल्सनें समोर बसवून रेखिलें होतें. त्यांच्या चेहऱ्यांस प्रत्यक्षाचा आधार आहे. मात्र पेशव्यांचा जन्म १७७४ चा. तहाच्या वेळीं ते सोळा वर्षांचे होते, वेल्सपुढें बसले तेव्हां निदान अठरा वर्षांचे. मांडणीची गोष्ट निराळी. चित्र करविणारा मॅलेट हा स्वतःच त्यांतील एक नायक, शिवाय वेल्सचा जांवई. चित्र पुरें झालें तेव्हां सवाई माधवराव व नाना हयात नव्हते, आणि वसईचा तह (१८०२) होऊन पेशवाई इंग्रजांच्या आश्रयास गेली होती. तेव्हां बरोबरीच्या नात्यानें झालेला तह येथें इंग्रज मुत्सद्याच्या यशाचा सोहळा बनला, तर नवल नाहीं. शनिवारवाड्याच्या मुख्य इमारती १८२८ च्या आगींत जळाल्यामुळें महालाचे तपशील ताडून पाहण्याची सोयहि उरली नाहीं.

सारांश, हें चित्र चेहऱ्यांपुरतें १७९२ नंतरच्या पाहणीचा पुरावा आहे. प्रसंगाच्या मांडणीपुरता तो १८०५ चा इंग्रजी अभिप्राय समजावा. पुस्तकांत तें छापतांना खालीं '१७९०' एवढाच सन घालूं नये. तिन्ही सन द्यावेत.