बियार्नारहोप्नचे शार्क-संग्रहालय

आइसलँडच्या पश्चिम किनाऱ्यावर स्नायफेल्सनेस नावाचे जे लांबोळके द्वीपकल्प अटलांटिक महासागरात शिरले आहे, त्याच्या उत्तर अंगाला, थिजलेल्या लाव्हारसाच्या ओबडधोबड पठारापलीकडे आणि ब्रेइदाफ्योर्दुर या विस्तीर्ण आखाताच्या काठी, बियार्नारहोप्न नावाचे एक जुने शेत आहे. आणि त्या शेतावर ग्रीनलंड शार्क या एकाच जलचराला वाहिलेले, एका कुटुंबाने चालविलेले लहानसे संग्रहालय आहे. मोठ्या राजधान्यांतील वस्तुसंग्रहालयांत प्राणी काचेआड असतो आणि त्याच्यावर ज्यांचा चरितार्थ चालला त्या माणसांची हकीकत बहुधा दुसऱ्याच इमारतीत असते. बियार्नारहोप्नला ही फारकत झालेली नाही, आणि या संग्रहालयाचे खरे मोल मला त्यातच दिसते. येथे शार्कचे जबडे आणि खरखरीत कातडी आहेत, तशाच त्याच्या शिकारीच्या जुन्या उघड्या होड्या आणि लोखंडी गळही आहेत. आणि मागच्या बाजूस, फळ्यांच्या फटींतून वारा खेळेल अशा बेताने बांधलेल्या पडवीत, त्याच शार्कच्या मांसाचे मोठमोठे तुकडे आजही वाळत टांगलेले असतात. अमोनियाचा जो तीव्र दर्प तेथे कोंदलेला असतो, तो कोणत्याही चित्राने वा माहितीपत्रकाने सांगता येणार नाही.

हा प्राणी सहा मीटरांहूनही लांब वाढतो, त्याचे वजन हजार किलोच्या घरात जाते, आणि तरीही त्याची सरासरी चाल ताशी सव्वा किलोमीटरच्या आसपास, म्हणजे रमतगमत फिरणाऱ्या माणसापेक्षाही संथ, भरते. उत्तर अटलांटिक आणि आर्क्टिकच्या गोठणबिंदूलगतच्या पाण्यात, पुष्कळदा शेकडो मीटर खोलीवर, तो वावरतो. त्याच्या डोळ्याच्या बुबुळाला एक परोपजीवी कवचधारी जीव लोंबकळत असतो आणि त्यामुळे पुष्कळ शार्कांची दृष्टी अधू होते. तथापि त्या अंधाऱ्या खोलीत गंधाच्या आधारे त्याचे निभावते, आणि सील, मासे, मेलेले प्राणी असे जे लाभेल ते तो खातो.

या सुस्त श्वापदामागे आइसलँडचे दर्यावर्दी शतकानुशतके लागले ते मुख्यतः त्याच्या यकृतासाठी. त्या प्रचंड यकृतातून निघणाऱ्या तेलाला अठराव्या आणि एकोणिसाव्या शतकांत युरोपातील बाजारपेठांत मोठी मागणी होती, कारण नगरांच्या रस्त्यांवरचे दिवे अशा तेलावर जळत. ऐन हिवाळ्यात, उघड्या होड्यांत, घोड्याचे मांस किंवा सीलची चरबी आमिष म्हणून लावलेला गळ समुद्रात सोडून माणसे नांगर टाकून बसत. दोरखंड त्या दातांपुढे टिकत नसे म्हणून गळाच्या वर लोखंडी साखळी जोडलेली असे. परक्या शहरांतील रस्ते उजळावेत म्हणून या लोकांनी ज्या काळोख्या आणि जीवघेण्या रात्री समुद्रावर काढल्या, त्यांचा दाखला कोणत्याही दरबारी दफ्तरापेक्षा ही साधी होडी आणि गळ अधिक विश्वासाने देतात, असे मला वाटते. पुढे खनिज तेल आणि वायूचे दिवे आले आणि तो व्यापार संपला. मांस खाण्याचा रिवाज मात्र टिकला.

हे मांस ताजे खाल्ले तर विषारी ठरते. आपल्या कोकणात मुशी किंवा मोरी आणल्यावर ती शिळी झाली तर जो झणझणीत वास सुटतो, त्याचे मूळ तिच्या अंगातील युरियात असते; ग्रीनलंड शार्कच्या मांसात तो युरिया तर विपुल असतोच, शिवाय ट्रायमिथिलअमाइन ऑक्साइड नावाचे द्रव्यही असते, जे खाणाऱ्याच्या पोटात विघटन पावून दारूच्या कैफासारखी भोवळ आणते. ताजे मांस खाऊन कुत्र्यांना उभे राहता येईनासे होते. ज्या देशात धान्य पिकणे दुरापास्त, तेथे हजार किलो मांस फेकून देणे परवडणारे नव्हते. म्हणून लोकांनी ते किनाऱ्यावरच्या वाळूखड्यांच्या खड्ड्यात पुरून, वर दगडांचा भार ठेवून, दीड ते तीन महिने आंबू द्यायचे, विषारी द्रव निथळू द्यायचा, आणि मग चार-पाच महिने वाऱ्यावर वाळवायचे अशी रीत पिढीजात अनुभवातून सिद्ध केली. आज खड्ड्याऐवजी पेट्या वापरतात; बाकी वहिवाट तीच. वर धरलेली तपकिरी साल काढली की आत फिकट पिवळसर, घट्ट मांस निघते. त्याला हाउकार्ल म्हणतात, आणि मध्यहिवाळ्यातील थोराब्लोतच्या मेजवानीत ते ब्रेनिविन या मद्याबरोबर खातात. संग्रहालयात येणाऱ्या पाहुण्यालाही त्याचे बारीक चौकोनी तुकडे चाखायला देतात.

या स्थळाला इतिहासाची इतर लेणीही आहेत. शेताजवळच्या छोट्या चर्चमध्ये सतराव्या शतकातील, डच दर्यावर्द्यांनी दिलेले वेदीचित्र आहे. आणि दोन बेर्सेर्क योद्ध्यांनी लाव्हारसाच्या पठारातून जी वाट फोडली असे एइर्बिग्या सागेत सांगितले आहे, ती जवळच आहे.

परंतु या प्राण्याविषयीची सर्वांत विस्मयकारक गोष्ट त्याला मारणाऱ्या पिढ्यांना ठाऊकच नव्हती. त्याचा सांगाडा कूर्चेचा आणि मऊ असल्यामुळे, झाडाच्या खोडातील वलयांप्रमाणे वर्षे मोजता येतील असा कोणताही कठीण भाग त्याच्या शरीरात सापडत नाही. डोळ्याच्या भिंगाचा गाभा मात्र जन्मापूर्वीच घडतो आणि त्यानंतर त्यात फेरबदल होत नाही. 28 माद्यांच्या भिंगांतील किरणोत्सारी कर्ब मोजून, आणि 1950 नंतरच्या अणुचाचण्यांनी समुद्रात सोडलेल्या जादा कर्बाची खूण कोणात आहे व कोणात नाही हे ताडून, शास्त्रज्ञांनी 2016 साली जो निष्कर्ष प्रसिद्ध केला, त्यानुसार त्यांतील पाच मीटर लांबीची सर्वांत मोठी मादी सुमारे 392 वर्षांची होती. अंदाजात 120 वर्षांची घटबढ धरली पाहिजे. पण सर्वांत कमी आकडा धरला तरी तिचा जन्म पानिपतच्या लढाईपूर्वीचा ठरतो. पृष्ठवंशीय प्राण्यांत एवढ्या दीर्घायुष्याची नोंद दुसऱ्या कोणाची नाही. मादी पिले देण्याजोगी होण्यास दीडशे वर्षांच्या आसपास लागतात असाही त्यांचा अंदाज आहे, आणि तोच मला अधिक अस्वस्थ करतो. कारण एकोणिसाव्या शतकात ज्या माद्या तेलासाठी मारल्या गेल्या, त्यांची जागा घेणाऱ्या माद्या कदाचित आता कुठे वयात येत असतील. आंतरराष्ट्रीय निसर्गसंरक्षण संघाच्या यादीत हा शार्क आज असुरक्षित जातींत गणला जातो.

बियार्नारहोप्नला आता मुद्दाम शिकार केलेला शार्क येत नाही. इतर माशांसाठी टाकलेल्या जाळ्यांत चुकून अडकलेली धुडे तेथे आणली जातात, आणि त्यांचे मांस वाया जात नाही हे योग्यच आहे. तरीही जो जीव कदाचित अडीच-तीनशे वर्षे समुद्रात वावरला, त्याचे डोळे तरी सुरीखाली जाण्यापूर्वी प्रयोगशाळेकडे रवाना व्हावेत, त्याचे वय ठरावे आणि ते त्याच संग्रहालयाच्या भिंतीवर त्याच्या जबड्याखाली लिहिले जावे, अशी माझी मनापासून इच्छा आहे.